शास्त्रज्ञ : मुंबईतील घडण आणि व्यवसाय

शास्त्रज्ञ : ज्याचे उत्तर अद्याप कोणालाच ठाऊक नाही असा निसर्गाविषयीचा प्रश्न नेमका करून, तो निरीक्षण, प्रयोग किंवा गणित यांच्या आधारे सोडवणारी आणि मिळालेले उत्तर इतरांना तपासता येईल अशा रीतीने मांडणारी व्यक्ती. मराठीत या अर्थाने शास्त्रज्ञ, वैज्ञानिक व संशोधक हे तीन शब्द चालतात. पण ते पूर्णपणे समानार्थी नाहीत. व्याकरणापासून संगीतापर्यंत सर्वच विद्या ‘शास्त्र’ या शब्दाच्या कक्षेत येत असल्याने काही लेखक ‘वैज्ञानिक’ हा शब्द पसंत करतात, तर ‘संशोधक’ हे बिरुद जुन्या दफ्तरांत डोके घालून बसणाऱ्या इतिहासकारालाही तितकेच शोभते. बोलण्यात ‘शास्त्रज्ञ’ रुळला आहे. प्रत्यक्ष प्रयोगशाळेतली माणसे मात्र स्वतःला यांपैकी काहीच म्हणवून घेत नाहीत; ती ‘पीएच.डी. करते आहे’, ‘पोस्टडॉक आहे’, ‘सायंटिफिक ऑफिसर आहे’ असे सांगतात आणि विषय बदलतात.

इंग्रजीतला ‘सायंटिस्ट’ हा शब्ददेखील फार जुना नाही. इंग्रज विद्वान विल्यम ह्यूएल यांनी तो १८३३-३४ च्या सुमारास सुचवला. ईस्ट इंडिया कंपनीने मुंबईत कुलाब्याची वेधशाळा उभारली ती १८२६ मध्ये, म्हणजे हे काम मुंबईत आले तेव्हा ते करणाऱ्याला नावच नव्हते. या वेधशाळेत १८४१ पासून पृथ्वीच्या चुंबकत्वाच्या नियमित नोंदी होऊ लागल्या. पुढे गणिती म्हणून नावारूपाला आलेले केरो लक्ष्मण छत्रे यांनी तरुणपणी याच ठिकाणी प्राध्यापक ऑर्लिबार यांच्या हाताखाली नोकरी केली. ठरल्या वेळी उपकरणापाशी जायचे, आकडा वाचायचा, तो वहीत लिहायचा, असे ते काम होते. त्यात चमकदार असे काही नव्हते, परंतु या व्यवसायाचा पाया आजही तोच आहे.

या पायाचे स्वरूप कुलाब्यातीलच एका प्रसंगातून चांगले कळते. विसाव्या शतकाच्या आरंभी मुंबईतल्या घोड्यांच्या ट्राम विजेवर चालवण्याचे ठरले. विजेच्या प्रवाहाभोवती चुंबकीय क्षेत्र निर्माण होते, त्यामुळे ट्राम धावू लागल्यावर कुलाब्याची सूक्ष्म उपकरणे पृथ्वीऐवजी ट्रामचेच चुंबकत्व नोंदवू लागतील हे उघड होते. वेधशाळेचे पहिले भारतीय संचालक नानाभाई मूस यांच्या देखरेखीखाली १९०४ मध्ये अलिबाग येथे नवी चुंबकीय वेधशाळा उभी राहिली. तिच्या बांधकामात चुंबकीय गुणधर्म असलेली सामग्री कटाक्षाने टाळण्यात आली. त्याहून महत्त्वाचे म्हणजे कुलाब्याचे काम लगेच थांबवले गेले नाही; १९०४ ते १९०६ या काळात दोन्ही ठिकाणी एकाच वेळी नोंदी घेऊन दोन जागांमधील फरक निश्चित करण्यात आला आणि मगच जुनी उपकरणे बंद झाली. मुंबईत विजेची ट्राम १९०७ मध्ये सुरू झाली, तोवर आकड्यांची मालिका सुखरूप समुद्रापलीकडे पोहोचली होती. १८४१ पासूनची ही मालिका जगातल्या दीर्घतम चुंबकीय नोंदींपैकी एक गणली जाते. आपल्या मोजमापात काय मिसळू शकेल याची शंका ते मिसळण्याआधीच येणे हे शास्त्रज्ञाचे मुख्य लक्षण मानावे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. बुद्धिमत्ता, कल्पकता वगैरे गुण इतर व्यवसायांतही लागतात.

अशी शंका वेळेवर न आल्याची किंमत कधी कधी फार मोठी असते. १८९६ मध्ये मुंबईत प्लेगची साथ आल्यावर जीवाणुशास्त्रज्ञ वाल्डेमार हाफकिन यांनी ग्रँट मेडिकल कॉलेजमधील एका लहानशा जागेत प्लेगची लस तयार केली आणि १० जानेवारी १८९७ रोजी ती प्रथम स्वतःला टोचून घेतली. त्यानंतर भायखळ्याच्या तुरुंगात साथ शिरली तेव्हा लस घेतलेले व न घेतलेले कैदी यांची तुलना करून तिचा गुण पाहिला गेला. १८९९ मध्ये त्यांची प्रयोगशाळा परळच्या जुन्या गव्हर्नमेंट हाउसमध्ये गेली. तीच १९२५ पासून हाफकिन इन्स्टिट्यूट म्हणून ओळखली जाते. १९०२ च्या ऑक्टोबरमध्ये पंजाबातील मल्कोवाल गावी लस टोचलेल्यांपैकी १९ जण धनुर्वाताने दगावले. सगळ्यांना लस एकाच बाटलीतून दिली होती. संशय मुंबईच्या प्रयोगशाळेवर आला आणि हाफकिन यांना बाजूला व्हावे लागले. बाटली मुंबईत दूषित झाली नव्हती, गावात ती उघडताना जमिनीवर पडलेला चिमटा नीट निर्जंतुक न करता वापरला गेला होता, हे मान्य होऊन त्यांच्यावरचा ठपका दूर व्हायला १९०७ उजाडले. प्रयोगशाळेत नव्याने आलेल्या विद्यार्थ्याला बाटलीवर तारीख आणि क्रमांक घालण्याचा जाच वाटतो. त्यामागे असला इतिहास आहे.

शास्त्रज्ञ होण्याची वाट मुंबईच्या मराठी घरांत बहुधा सहावी किंवा नववीत सुरू होते. बृहन्मुंबई विज्ञान अध्यापक मंडळाची डॉ. होमी भाभा बालवैज्ञानिक स्पर्धा याच दोन इयत्तांसाठी असते. तिच्यात लेखी परीक्षेनंतर प्रात्यक्षिक आणि मुलाखत असे पुढचे टप्पे येतात. मानखुर्दचे होमी भाभा विज्ञान शिक्षण केंद्र १९७४ पासून शालेय विज्ञानाच्या अध्यापनावर काम करीत आहे आणि विज्ञान व गणिताच्या आंतरराष्ट्रीय ऑलिंपियाडसाठी भारतीय विद्यार्थ्यांची तयारी तेथे करून घेतली जाते. बारावीनंतर मात्र गळती होते. चांगले गुण मिळालेला विद्यार्थी अभियांत्रिकीकडे किंवा वैद्यकाकडे वळतो आणि बी.एस्सी.ला गेलेल्याला ‘दुसरीकडे मिळालं नाही का?’ हा प्रश्न नातेवाइकांकडून ऐकावा लागतो. २००७ मध्ये कलिना येथे मुंबई विद्यापीठ आणि अणुऊर्जा विभाग यांनी मिळून मूलभूत विज्ञानाचे केंद्र काढले. तेथील पाच वर्षांचा एकात्मिक एम.एस्सी. अभ्यासक्रम ही गळती थोडीफार रोखतो.

एम.एस्सी.नंतर नेट (राष्ट्रीय पात्रता परीक्षा) किंवा संस्थेची स्वतःची प्रवेश परीक्षा, मुलाखत आणि मग पीएच.डी. अशी पुढची पायरी आहे. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२२ च्या नियमांनुसार पीएच.डी.ला किमान ३ व कमाल ६ वर्षे मिळतात, पुनर्नोंदणी केल्यास आणखी २. ही वर्षे म्हणजे पुढचे शिक्षण, असा घरच्यांचा समज असतो. वस्तुतः ती उमेदवारी असते, सुताराच्या किंवा सोनाराच्या हाताखाली करतात तशी. पुस्तकातून न मिळणारे बरेच काही येथे गाईडकडून, आणि गाईडपेक्षाही अधिक दोन वर्षे आधी लागलेल्या सीनियरकडून मिळते.

उदाहरणार्थ, जुलै महिन्यात माटुंग्याच्या किंवा फोर्टातल्या एखाद्या रसायनशाळेत ०.१ नॉर्मल सोडियम हायड्रॉक्साइड करायचे आहे. हिशेब सरळ आहे : एक लिटरला चार ग्रॅम. विद्यार्थिनी तराजूचे काचेचे दार सरकवते, पांढरे दाणे वजनाच्या काचेवर ठेवते आणि आकडा स्थिर होण्याची वाट पाहते. तो स्थिर होत नाही. शेवटचा अंक चढत राहतो, मग त्याच्या आधीचा. दाण्यांवर ओलसर चकाकी येते आणि मिनिटभरात ते काचेला चिकटू लागतात. मुंबईची हवा त्यांच्यात शिरत असते, पाणीही आणि कार्बन डायऑक्साइडही. म्हणून हे द्रावण वजनावर विसंबून कधीच वापरत नाहीत. नीट वाळवलेल्या पोटॅशियम हायड्रोजन थॅलेटसारख्या, हवेत न बदलणाऱ्या पदार्थाशी त्याचे टायट्रेशन करतात, म्हणजे किती द्रावण लागले त्यावरून त्याची खरी तीव्रता काढतात. फिनॉल्फ्थॅलिन या दर्शकाचा फिकट गुलाबी रंग अर्धा मिनिट टिकला की ब्युरेट (मापाच्या खुणा असलेली काचनळी) वाचतात आणि तीन रीडिंग जुळेपर्यंत हे पुन्हा पुन्हा करतात. उत्तर ०.०९७ आले तर बाटलीवर ०.०९७ लिहायचे. पुस्तकात ०.१ आहे म्हणून ०.१ लिहिणारा विद्यार्थी परीक्षा पास होतो, पण त्या बाटलीतले द्रावण वापरणाऱ्या प्रत्येकाचे उत्तर तो चुकवून ठेवतो. डेसिकेटरमधली (पदार्थ कोरडे ठेवण्याच्या भांड्यातली) निळी सिलिका जेल पावसाळ्यात भराभर गुलाबी पडते आणि ओव्हनमध्ये तापवून पुन्हा निळी करावी लागते, हेही याच शिक्षणात मोडते. नोंदवही शाईने लिहितात, पानांना क्रमांक असतात, आणि चुकलेला आकडा खोडून काढत नाहीत. त्यावर एकच आडवी रेघ मारतात, म्हणजे तो खाली वाचता येतो.

काम संपले की ते प्रबंध आणि पेपर यांच्या रूपाने इतरांपुढे ठेवावे लागते. जर्नलकडे गेलेला पेपर त्याच विषयातले दोन-तीन अनोळखी रेफरी वाचतात व त्यावर शेरे देतात. ते पुष्कळदा तिखट असतात आणि तरुण संशोधकाला ते मनाला लावून न घेण्याची सवय करावी लागते. आपल्या निष्कर्षाविरुद्ध सर्वांत जोरदार युक्तिवाद कोणता, हे रेफरीच्या आधी आपणच शोधलेले बरे, असे अनुभवी गाईड सांगतात.

या व्यवसायाचे रूप मुंबईत संस्थेगणिक बदलते. टाटा मूलभूत संशोधन संस्था १९४५ मध्ये होमी भाभा यांच्या पुढाकाराने व टाटा विश्वस्तनिधीच्या साहाय्याने बंगळूर येथे सुरू झाली आणि त्याच वर्षअखेरीस पेडर रोडवरील केनिलवर्थ या बंगल्यात आली. तेथून गेटवेजवळच्या जुन्या यॉट क्लबमध्ये आणि शेवटी १९६२ मध्ये नेहरूंच्या हस्ते उद्‌घाटन झालेल्या कुलाब्याच्या इमारतीत तिचे बस्तान बसले. येथे प्रश्न निवडण्याचे स्वातंत्र्य मोठे आहे. दामोदर धर्मानंद कोसंबी येथे गणितज्ञ म्हणून काम करताना पुण्याहून डेक्कन क्वीनने ये-जा करीत. संस्थेतील वैश्विक किरणांचे अभ्यासक कोलारच्या सोन्याच्या खाणीत दोन किलोमीटरहून अधिक खोल उतरले आणि १९६५ मध्ये वातावरणात जन्मलेल्या न्यूट्रिनो या सूक्ष्म कणांच्या खुणा तेथे मिळवल्या. याउलट ट्रॉम्बे (तुर्भे) येथील अणुसंशोधन केंद्र (स्थापना १९५४, १९६७ पासून भाभा अणुसंशोधन केंद्र, म्हणजेच ‘बीएआरसी’) विशिष्ट कार्यासाठी उभे आहे. आशियातील पहिल्या अणुभट्ट्यांपैकी असलेली ‘अप्सरा’ येथे ४ ऑगस्ट १९५६ रोजी कार्यान्वित झाली. त्यानंतरच्याच वर्षी सुरू झालेल्या प्रशिक्षणशाळेत निवडक पदवीधरांना वर्षभर शिकवून नोकरीत घेतले जाते. मानखुर्द, चेंबूर व अणुशक्तीनगर या पट्ट्यात ‘बीएआरसीत आहे’ एवढ्या दोन शब्दांत ओळख पुरी होते आणि पुढे कोणी काही विचारत नाही, कारण उत्तर मिळणार नाही हे शेजाऱ्यांनाही ठाऊक असते. माटुंग्याची रसायन तंत्रज्ञान संस्था (१९३३, तेव्हाचा विद्यापीठाचा विभाग ‘यूडीसीटी’) रंग, कापड आणि औषधे यांच्या उद्योगाशी जन्मापासून जोडलेली आहे. तेथे कारखान्यातून आलेला प्रश्न कमी दर्जाचा मानण्याची पद्धत नाही. खासगी कंपन्यांच्या प्रयोगशाळांत वेतन अधिक असते, मात्र पेटंट होईपर्यंत तोंड मिटून ठेवावे लागते.

पोटापाण्याची बाजू विश्वकोशांत सहसा येत नाही. ती येथे नोंदवणे आवश्यक वाटते. केंद्र सरकारच्या कनिष्ठ अधिछात्रवृत्तीची रक्कम जानेवारी २०२३ पासून पहिली दोन वर्षे दरमहा ३७,००० रुपये व नंतर ४२,००० रुपये आहे, शिवाय नियमानुसार घरभाडे भत्ता. वसतिगृह मिळाल्यास ती पुरते. न मिळाल्यास मुंबईतल्या भाड्यात तिचा मोठा हिस्सा जातो आणि रात्री अकराला संपणारा प्रयोग शेवटच्या लोकलच्या वेळेवर बेतावा लागतो. पीएच.डी.नंतरची पोस्टडॉकची वर्षे हंगामी नेमणुकीची असतात. कायम जागा मिळेपर्यंत वय पस्तिशीला टेकते, आणि कित्येकांना ती मिळतच नाही. ते अध्यापन, उद्योग किंवा पेटंट कार्यालय यांकडे वळतात. त्यांना अयशस्वी समजण्याची रीत चुकीची आहे.

स्त्रियांसाठी या वाटेवर आणखी एक दार होते, आणि ते बंद असे. मुंबईत १९३३ मध्ये बी.एस्सी. झालेल्या कमला भागवत (नंतर सोहोनी) यांना बंगळूरच्या इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ सायन्समध्ये केवळ स्त्री म्हणून सी. व्ही. रामन यांनी प्रवेश नाकारला. त्या हटल्या नाहीत. अखेर एक वर्ष परीक्षाधीन राहण्याच्या अटीवर त्यांना घेण्यात आले. हेच एक वर्ष पुरुषांना द्यावे लागत नसे. १९३९ मध्ये त्यांनी केंब्रिजची पीएच.डी. मिळवली, वनस्पतींच्या पेशींत सायटोक्रोम सी हे प्रथिन असते हा त्यांच्या संशोधनाचा गाभा होता आणि प्रबंध अवघा ४० पानांचा होता. लग्नानंतर मुंबईत येऊन त्यांनी इन्स्टिट्यूट ऑफ सायन्समध्ये जीवरसायनशास्त्र शिकवले, नीरा या पेयाच्या पोषणमूल्यावर काम केले आणि पुढे त्या संस्थेच्या संचालक झाल्या.

प्रयोगशाळेत इंग्रजी, हिंदी आणि मराठी एकाच वाक्यात नांदतात : ‘कंट्रोल लावला का?’, ‘ब्लँकच जास्त येतोय’. प्रबंध आणि पेपर इंग्रजीतच लिहिले जातात. विज्ञान मराठीत आणण्यासाठी २४ एप्रिल १९६६ रोजी स्थापन झालेल्या मराठी विज्ञान परिषदेचे मुख्यालय चुनाभट्टीला आहे आणि मुंबईतले अनेक शास्त्रज्ञ तिच्या व्यासपीठावर व पत्रिकेत मराठीतून आपला विषय मांडत आले आहेत. १९७२ मध्ये कुलाब्याच्या टाटा संस्थेत आलेले खगोलशास्त्रज्ञ जयंत विष्णू नारळीकर यांनी परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेला आपली पहिली कथा पाठवली ती ‘नारायण विनायक जगताप’ या नावाने. आपल्या आद्याक्षरांचा क्रम उलटून त्यांनी ते केले होते, जेणेकरून परीक्षकांपुढे लेखकाचे नाव न येता केवळ कथा यावी. तिला पहिले बक्षीस मिळाले.