चोवीस तासांची सवलत नाहीच

‘गेम डाउनलोड करा, चोवीस तासांत डिलीट केला की गुन्हा नाही.’ इम्युलेटर (गेम कन्सोलवरचे गेम कॉम्प्युटरवर चालवणारा प्रोग्राम) बसवायला घेतला की हे वाक्य कोणीतरी ऐकवतंच. अशी सवलत ना अमेरिकेच्या कायद्यात आहे, ना आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात. आपलं कलम ५२ मुभा देतं ती रीतसर आपल्याकडे असलेल्या प्रोग्रामची खबरदारी म्हणून प्रत काढून ठेवायची.

इम्युलेटर मात्र चोरीचा माल नव्हे, हेही तितकंच ठासून सांगायला हवं. २००० साली सोनी विरुद्ध कनेक्टिक्स खटल्यात अमेरिकी अपील न्यायालयाने इम्युलेटर बनवणाऱ्या कनेक्टिक्सच्या बाजूने कौल दिला.

पण सोनीच्या पीएस२ (प्लेस्टेशन २) कन्सोलचा इम्युलेटर पीसीएसएक्स२ बायोसशिवाय, म्हणजे कन्सोल सुरू करणाऱ्या मूळ प्रोग्रामशिवाय येतो, कारण बायोस सोनीचा आहे. ती जेमतेम ४ एमबीची फाइल आपल्याच कन्सोलमधून काढायची. गेमच्या डिस्कची प्रत काढणं तर अगदी सोपं. कॉम्प्युटरच्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये घाला आणि आयएसओ (अख्ख्या डिस्कची एका फाइलमधली प्रत) बनवा. खालची बाजू निळी दिसली तर ती सीडी. तिची बिन आणि क्यू अशा दोन फाइलींची जोडी बनवावी लागते. माळ्यावरचे जुने गेम टाकू नका, त्यांच्यावर ओरखडे पडायच्या आत हे उरकून घ्या.