क्राकेनचं पोट भरेल, पण मेंदूला खबर कधी पोचणार?

नॉर्वेचे कोळी उन्हाळ्यातल्या निवांत, तापलेल्या दिवशी किनाऱ्यापासून काही मैल आत होड्या नेत. शिसं बांधलेली दोरी पाण्यात सोडत. जिथे ८० ते १०० वाव (एक वाव म्हणजे सुमारे सहा फूट) खोली असायला हवी, तिथे कधी कधी २० ते ३० वावांतच तळ लागे, आणि त्याच जागी कॉडसारखी मासळी चिक्कार मिळे. कोळी समजून जात, की खाली क्राकेन आहे, म्हणजे जहाजं बुडवणारा दंतकथेतला अजस्र समुद्रप्राणी. बर्गनचे बिशप एरिक पोंटोपिडान यांनी १७५२-५३ साली नॉर्वेच्या निसर्गाच्या इतिहासात ही हकीकत नोंदवली. प्राण्याच्या पाठीचा घेर त्यांनी दीड इंग्रजी मैल दिला. लोक याहून जास्त सांगतात, पण मी सगळ्यांत लहान आकडा घेतोय, असंही त्यांनी लिहिलं.

तोच आकडा धरून हिशोब मांडू. दीड मैल म्हणजे सुमारे २.४ किलोमीटर घेर, म्हणजे ७७० मीटर व्यास. जाडी २० मीटर मानली तर अंगाचं आकारमान ९३ लाख घनमीटर होतं. समुद्रातल्या प्राण्याचं अंग जवळपास पाण्याइतकंच घन असतं, म्हणून वजन साधारण ९३ लाख टन. दीडशे टनांचे बासष्ट हजार निळे देवमासे एकत्र केले तर इतकं भरेल.

आता याला खाऊ काय घालायचं? बहुतेकांना इथेच क्राकेन अशक्य वाटतो, पण अडचण इथे नाही. शरीर जेवढ्या पटीने वाढतं, तेवढ्या पटीने भूक वाढत नाही. ती वजनाच्या पाऊण घाताने वाढते, म्हणजे वजन सोळा पट झालं तर भूक आठ पटच होते. शरीरशास्त्रज्ञ मॅक्स क्लायबर यांनी १९३२ मध्ये मांडलेला हा नियम इतका ताणणं धाडसाचं आहे, तरी अंदाज मिळतो. सस्तन प्राण्याच्या दराने क्राकेनला दिवसाला २,१०० टन मासळी लागेल. थंड रक्ताच्या प्राण्याचा खर्च ढोबळमानाने त्याच्या दहावा हिस्सा धरला, तर दोनशे टनांवर भागेल. चरण्याच्या हंगामात एक निळा देवमासा दिवसाला १६ टनांपर्यंत क्रिल खातो. म्हणजे बासष्ट हजार पट अंगाला तेरा-चौदा देवमाशांचं जेवण पुरेल. श्रीमंत समुद्रात हे परवडतं.

खरी अडचण मज्जातंतूंची. क्राकेनला आज आपण माकुलाचं (स्क्विडचं) रूप देतो, म्हणून माकुलाचाच तंतू घेऊ. त्याचा सर्वांत जाड तंतू मिलिमीटरभर रुंद असतो आणि त्यातून संदेश सेकंदाला सुमारे २५ मीटर धावतो. (याच तंतूवर काम करून हॉजकिन आणि हक्सली या शास्त्रज्ञांनी १९६३ चं नोबेल मिळवलं.) बारा मीटरच्या महाकाय माकुलाला, आर्किट्युथिसला, एवढा वेग पुरतो. अर्ध्या सेकंदात टोकापासून टोकापर्यंत खबर जाते. क्राकेनच्या कडेला कुणी डिवचलं तर मधल्या मेंदूला कळायला १५ सेकंद आणि हुकूम परत यायला आणखी १५. तोवर होडी निघून गेलेली असेल. तंतू जाड करून पाहावा, तर वेग जाडीच्या वर्गमुळानेच वाढतो. एका सेकंदात खबर पोचवायची तर तंतूची जाडी २४ सेंटिमीटर हवी, नारळाच्या खोडाएवढी. तोही एक तंतू, आणि असे हजारो लागणार.

यावर उपाय ऑक्टोपसकडे आहे. त्याच्या ५० कोटी चेतापेशींपैकी सुमारे दोन तृतीयांश हातांमध्येच असतात आणि हात बरंचसं काम मेंदूला न विचारता उरकतात. कल्पनेतल्या जगासाठी क्राकेन घडवणाऱ्याने प्रत्येक हाताला स्वतंत्र मेंदू आणि स्वतंत्र हृदयं द्यावीत. माकुलाला मुळात तीन हृदयं असतात, इथे ती शेकड्यांनी लागतील. असा क्राकेन एक प्राणी कमी आणि एक वसाहत जास्त वाटेल.

जहाज बुडवण्याचं दृश्य मात्र सोडून द्यावं लागेल. आर्किट्युथिसच्या मांसात अमोनियम क्लोराइड भरलेलं असतं. ते समुद्राच्या खारट पाण्यापेक्षा हलकं, म्हणून प्राणी काही न करता तरंगत राहतो. मेलेली माकुलं किनाऱ्याला लागतात ती यामुळेच, आणि त्यांचं मांस कडवट लागतं तेही यामुळेच. ज्याला पाण्यात वजनच नाही, तो जहाजाला नुसता लटकून ते खाली ओढू शकत नाही. त्याला उलट दिशेने पाणी फेकत जोर लावावा लागेल. गिळणंही कठीण. माकुलाची अन्ननलिका मेंदूच्या मधल्या भोकातून जाते. चोचीने घास बारीक केला नाही, तर तो मेंदूवरच दाबतो.

जागाही बघून निवडावी. माकुलाच्या रक्तात लोहाऐवजी तांबं असतं आणि ते प्राणवायू कमी वाहून नेतं, म्हणून थंड, प्राणवायूने भरलेलं पाणी हवं. नॉर्वे योग्य. आपला अरबी समुद्र नाही, कारण तिथे साधारण १५० ते १००० मीटर खोलीत प्राणवायू जवळजवळ संपलेला असतो.

कोळ्यांच्या हकीकतीतला एक तपशील मला सर्वांत मोलाचा वाटतो. क्राकेन काही महिने खातो आणि पुढचे काही महिने विष्ठा टाकतो, त्याने पाणी गढूळ होतं आणि मासे त्यावर गोळा होतात, असं ते सांगत. देवमाशांच्या विष्ठेतलं लोह वरच्या पाण्यात वनस्पती-प्लवक (तरंगत्या सूक्ष्म वनस्पती) वाढवतं, हे विज्ञानाला फार उशिरा कळलं. दिवसाला दोनशे टन खाणारा क्राकेन भोवतालच्या समुद्राला खत घालेल. त्याच्या जगात तो शिकारी म्हणून येण्यापेक्षा मासेमारीची जागा म्हणून शोभेल. कुणाची होडी भरून आली, की नॉर्वेत म्हणतच, ‘क्राकेनवर गळ टाकलेला दिसतो.’

त्या जागेचा नियमही ठरलेला होता. शिसं सारखं टाकत राहायचं. खोली तेवढीच राहिली तर गळ चालू ठेवायचे. खोली कमी होऊ लागली तर तो वर येतोय, म्हणून गळ आवरून वल्ही मारायची, आणि दोरी पुन्हा नेहमीच्या खोलीला लागली की थांबून मागे बघायचं.