जर्मन आणि अमेरिकन लष्करी पिस्तुलं : सेमी-ऑटोमॅटिकची जन्मकथा

सेमी-ऑटोमॅटिक पिस्तुल म्हणजे एकदा चाप ओढला की एकच गोळी सुटते, पण रिकामं टरफल बाहेर फेकणं, घोडा (आपटून गोळी उडवणारी मागची हातोडी) परत मागे चढवणं आणि पुढचं काडतूस नळीत सरकवणं ही बाकीची सगळी कामं पिस्तुल स्वतःच उरकतं, आणि त्यासाठी लागणारी ताकद त्याच गोळीच्या धक्क्यातून घेतं. आपल्याकडे पेपरात रिव्हॉल्व्हर आणि पिस्तुल हे शब्द एकाच बातमीत बिनधास्त एकमेकांच्या जागी वापरतात, पण दोन्ही वेगळी. रिव्हॉल्व्हरला फिरतं सिलिंडर असतं, पिस्तुलाला मॅगझिन, म्हणजे काडतुसांची पेटी. ही नोंद दुसऱ्या प्रकाराची, त्यातही जर्मनी आणि अमेरिकेच्या सैन्यांनी वापरलेल्या पिस्तुलांची, कारण आज जगभर सैनिकांच्या कमरेला जे पिस्तुल दिसतं त्याच्या दोन मुख्य गोष्टी याच दोन देशांतून आल्यात. काडतूस जर्मन, आतलं कुलूप अमेरिकन.

कुलूप कशाला लागतं

1880 च्या दशकात बिनधुराची दारू आली आणि आपोआप भरणाऱ्या हत्यारांचा रस्ता मोकळा झाला, कारण जुन्या काळ्या दारूची काजळी असली नाजूक यंत्रणा लगेच चोंदवून टाकायची. अडचण पुढची होती. छोटं कमजोर काडतूस असेल तर मागच्या लोखंडी भागाचं वजन आणि एक स्प्रिंग एवढ्यावर भागतं, पण लष्करी काडतुसात दाब इतका असतो की गोळी नळीतून बाहेर पडायच्या आत मागचं तोंड उघडलं तर टरफल फाटून सगळा जाळ वापरणाऱ्याच्याच तोंडावर यायचा. म्हणून नळी आणि मागचा भाग काही क्षण एकमेकांना घट्ट धरून मिळून मागे जातात, गोळी गेली, दाब उतरला की मग कुलूप सुटतं. हे कुलूप कसं करायचं यावरच सगळी डोकेबाजी झाली.

पहिलं धंदेवाईक यश ह्यूगो बोर्चार्डचं. माणूस जर्मनीतल्या माग्डेबुर्गचा, पण उमेदीची वर्षं अमेरिकेत गेली, तिथं विंचेस्टर आणि शार्प्स कंपन्यांत काम केलं, रायफलींची डिझाइन्स केली, मग युरोपात परतला. 1893 साली बर्लिनच्या लुडविग लोव कंपनीतून त्याचं सी-93 पिस्तुल बाहेर पडलं. कुलपाची आयडिया मॅक्सिमच्या मशीनगनकडून आलेली, ती म्हणजे गुडघा. माणूस पाय ताठ करून उभा असेल तर समोरून ढकलून गुडघा वाकत नाही, पण मागून जरासा टोचा दिला की लगेच वाकतो ना, तसंच. दोन लोखंडी दुवे सरळ रेषेत असतात तोवर कुलूप पक्कं, थोडं मागे सरकल्यावर मधला सांधा उचलला जातो आणि गुडघा वर मुडपतो. मॅगझिन मुठीत घालायची युक्तीही यातच नीट जमली, जी आज आपण गृहीतच धरतो. पण पिस्तुल दिसायला अगदीच विचित्र, मागे हे भलंमोठं डबडं लोंबतंय, हातात धरलं की तोल पार मागे.

माउझर सी96

बोर्चार्डच्या मागोमाग 1896 ला ओबर्नडॉर्फच्या माउझर कारखान्यातून सी96 आलं. डिझाइन फेडर्ले भावांचं, नाव मात्र मालकाचं, हे सगळीकडे असंच चालतं. यात मॅगझिन मुठीत नसून चापाच्या पुढे, दहा काडतुसांचं, पट्टीवरून वरून खाली दाबून भरायचं. मूठ गोल, झाडूच्या दांड्यासारखी, म्हणून इंग्रजी बोलणाऱ्यांनी नावही तेच पाडलं. लाकडी खोकं हेच होल्स्टर आणि तेच मागे अडकवलं की खांद्याला लावायचा दस्ता. आतले भाग कोड्यातल्या तुकड्यांसारखे एकमेकांत बसतात, मुठीच्या लाकडी पट्ट्या धरणारा एक स्क्रू सोडला तर पूर्ण पिस्तुलात स्क्रू नाही. खोलणाऱ्याला मजा, परत जोडणाऱ्याला घाम.

या पिस्तुलाच्या कथेत मुंबईचाही छोटासा वाटा आहे. 1896 साली तरुण विन्स्टन चर्चिल आपल्या रेजिमेंटबरोबर हिंदुस्थानात येत होता, ससून डॉकला होडीतून उतरताना त्यानं भिंतीतली लोखंडी कडी धरली, तेवढ्यात लाटेनं होडी खाली गेली आणि उजवा खांदा निखळला. तो खांदा जन्मभर कुरकुरत राहिला. त्यामुळे 1898 मध्ये सुदानात ओमदुरमानच्या लढाईत घोडदळाच्या हल्ल्यात बाकीचे तलवारी आणि भाले घेऊन दौडत असताना चर्चिलच्या हातात माउझर सी96 होतं.

गंमत म्हणजे जर्मन सैन्यानं हे पिस्तुल मुख्य हत्यार म्हणून कधीच स्वीकारलं नाही. पहिल्या महायुद्धात पिस्तुलं कमी पडायला लागली तेव्हा 1916 ला दीड लाखांची ऑर्डर दिली, ती 9 मिलिमीटर काडतुसाची, आणि जुन्या 7.63 च्या गोळ्या कुणी चुकून भरू नयेत म्हणून लाकडी मुठीवर मोठा 9 कोरून त्यात लाल रंग भरला. खरं घर त्याला मिळालं चीनमध्ये. तिथं 1920 च्या दशकात रायफलींच्या आयातीवर बंदी पण पिस्तुलांवर नाही, मग खांद्याला लावता येणारं पिस्तुल म्हणजे जवळपास छोटी रायफलच की. सरदार लोकांनी पेट्याच्या पेट्या मागवल्या आणि शान्शीच्या कारखान्यात तर चक्क अमेरिकन .45 (म्हणजे 0.45 इंच जाडीच्या गोळीच्या) काडतुसाची नक्कल बनवली.

लुगर आणि त्याचं काडतूस

बोर्चार्डनं आपल्या पिस्तुलात सुधारणा करायला फारसा रस दाखवला नाही. ते काम गेऑर्ग लुगर या ऑस्ट्रियन माणसाकडे आलं. त्यानं गुडघ्याचं कुलूप ठेवलं, मागचं डबडं काढलं, स्प्रिंग मुठीत नेली, मुठीला छान तिरपा कोन दिला, आणि एकदम देखणी वस्तू तयार झाली. 1900 साली स्वित्झर्लंडनं ती सर्वात आधी घेतली, 7.65 मिलिमीटरमध्ये. जर्मन सैन्याला मात्र ती गोळी बारीक वाटली. लुगरनं बाटलीच्या गळ्यासारखं निमुळतं टरफल जवळपास सरळ केलं आणि त्यात 9 मिलिमीटरची गोळी बसवली. झालं, 9×19 पॅराबेलम जन्माला आलं. नाव कंपनीच्या लॅटिन ब्रीदवाक्यातून, शांतता हवी तर युद्धाची तयारी ठेव असा त्याचा अर्थ. जर्मन नौदलानं 1904 ला, भूदलानं 1908 ला हे पिस्तुल घेतलं म्हणून जर्मनीत ते पी08. लुगर हे नाव मुख्यतः अमेरिकेतल्या आयातदारानं रूढ केलेलं.

पी08 हे हातानं बसवलेलं यंत्र. भागाभागावर नंबर ठोकलेले, कारण एकाचा भाग दुसऱ्यात बसेलच असं नाही. नेमबाजी अचूक, नळी जागच्या जागी सरळच मागे जाते, तिरकी होत नाही. पण गुडघा नीट मुडपायला काडतुसाचा धक्का ठरावीकच लागतो, दारू जरा कमजोर असली की अडकलं, आणि यंत्रणा वरून बरीच उघडी असल्यानं खंदकातला चिखल आत जायला वाव. तोफखान्यासाठी लांब नळीचं मॉडेल निघालं, 20 सेंटिमीटरची नळी, मागे लाकडी दस्ता, आणि गोगलगायीच्या शंखासारखं 32 काडतुसांचं मॅगझिन. ते मॅगझिन भरायला वेगळं अवजार लागायचं, म्हणजे लढाईत किती उपयोगी ते बघा.

अमेरिकेला .45 का हवं होतं

अमेरिकेत गोष्ट वेगळ्याच टोकाला सुरू झाली. फिलिपीन्समध्ये मोरो लढवय्यांशी लढताना सैनिकांची तक्रार आली की .38 च्या रिव्हॉल्व्हरनं माणूस थांबतच नाही, गोळ्या खाऊन अंगावर येतो. 1904 ला थॉम्पसन आणि लागार्ड या दोन अधिकाऱ्यांनी शिकागोच्या कत्तलखान्यांच्या वाड्यांत जिवंत गुरांवर आणि दुसरीकडे माणसांच्या प्रेतांवर वेगवेगळ्या गोळ्या झाडून पाहिल्या. आजच्या नजरेनं हे वाचवत नाही, आणि शास्त्रीय म्हणूनही तो प्रयोग फार मजबूत नव्हता, पण निष्कर्ष ठाम निघाला की लष्करी पिस्तुल .45 पेक्षा लहान नको. यातला थॉम्पसन म्हणजे पुढे ज्याच्या नावानं टॉमीगन निघाली तोच.

जॉन मोझेस ब्राउनिंग हा यूटामधल्या ऑग्डेनचा, बापही बंदुका बनवणारा. त्यानं 1890 च्या दशकातच गुडघ्याऐवजी दुसरा मार्ग काढला होता. पिस्तुलाच्या वर एक लांब आवरण, स्लाइड, ती नळीला झाकून टाकते. नळीच्या पाठीवर दोन-तीन उंच कंगोरे, स्लाइडच्या आत तशाच खाचा, दोन्ही एकमेकांत अडकलेले. नळीच्या खाली एक छोटी डोलणारी कडी. दोघं मिळून थोडे मागे गेले की कडी नळीचं मागचं टोक खाली ओढते, कंगोरे खाचांतून सुटतात, नळी थांबते, स्लाइड एकटी मागे जाते. बस एवढंच. सांगायला दोन ओळी लागल्या, पण यातला एकही भाग घड्याळजीच्या हातचा असावा लागत नाही, आणि सगळं झाकलेलं असल्यानं माती जायला जागा कमी.

1907 च्या चाचण्यांसाठी लुगरनंही .45 मध्ये मोजकी पिस्तुलं करून आणली होती, पण जर्मन कंपनीनं पुढच्या फेरीतून माघार घेतली. उरल्या दोन कंपन्या, कोल्ट, म्हणजे ब्राउनिंगचं डिझाइन, आणि सॅव्हेज. मार्च 1911 ला शेवटची परीक्षा, प्रत्येकी 6000 गोळ्या, मधूनमधून थंड करायचं, हजार झाल्या की साफ करून तेल द्यायचं. सॅव्हेज 37 वेळा अडखळलं, कोल्ट एकदाही नाही. 29 मार्च 1911 ला ते स्वीकारलं गेलं आणि नाव पडलं एम1911. सात काडतुसांचं मॅगझिन, 5 इंची नळी, रिकामं वजन साधारण 1.1 किलो. डाव्या बाजूचा अंगठ्याचा लॉक घोडदळाच्या आग्रहावरून शेवटी शेवटी आला, कारण स्वाराचा एक हात लगामाला अडकलेला, दुसऱ्या हातातलं चढवलेलं पिस्तुल पटकन सुरक्षित करता यायला हवं. मुठीच्या मागे वेगळी कळ आहे, ती तळहातानं दाबली गेल्याशिवाय चाप चालतच नाही. घोडदळाचे घोडे गेले, अंगठ्याचा लॉक राहिला.

1920 च्या दशकात थोडी डागडुजी झाली, चाप आखूड, मुठीच्या मागे फुगवटा, त्याला एम1911ए1 म्हणतात. दुसऱ्या महायुद्धात सुमारे 19 लाख पिस्तुलं तयार झाली आणि त्यातली सर्वात जास्त बनवली ती रेमिंग्टन रँड या टाइपरायटरवाल्या कंपनीनं. शिलाई मशीनवाल्या सिंगरनंही 500 बनवली, आज जुन्या वस्तूंच्या बाजारात त्यांना सोन्याचा भाव. टाइपरायटर करणाऱ्याला जमावं असं डिझाइन होतं, मला वाटतं ब्राउनिंगची खरी कमाल इथंच दिसते.

जर्मनी शिकली : पी38

लुगर महाग आणि वेळखाऊ, हे जर्मन सैन्याला 1930 च्या दशकात कळून चुकलं होतं. थुरिंगियातल्या त्सेला-मेहलिसच्या वाल्थर कंपनीनं 1929 ला पोलिसांसाठी पीपी काढलं होतं, त्यात डबल ॲक्शन होतं, म्हणजे घोडा खाली असतानाही नुसता चाप जोरात ओढला की घोडा मागे चढून पडतो, पहिली गोळी सुटते, पुढच्या गोळ्यांना चाप हलका. हेच तंत्र लष्करी ताकदीच्या पिस्तुलात आणलं ते पी38. आधीच्या नमुन्यात घोडा आत लपवलेला होता, सैन्य म्हणालं आम्हाला घोडा डोळ्यांनी दिसला पाहिजे, मग बाहेर आणला. कुलूप ब्राउनिंगचं नाही, नळीखाली एक वेगळा ठोकळा वरखाली होतो, आणि नळी सरळ राहते. पिस्तुल भरलेलं आहे का ते सांगणारी बारीक काडी मागून डोकावते, अंधारात अंगठ्यानं चाचपता येते. युद्धात दहा लाखांहून जास्त बनली, वाल्थर, माउझर आणि श्प्रेवेर्क यांच्याकडे. कारखान्याचं नाव शत्रूला कळू नये म्हणून त्यावर नुसती गुप्त अक्षरं, वाल्थरचं एसी, माउझरचं बीवायएफ, आणि आज तीच अक्षरं बघून संग्राहक किंमत ठरवतात.

युद्ध संपल्यावर त्सेला-मेहलिस सोव्हिएत भागात गेलं, फ्रिट्झ वाल्थर पश्चिमेला निसटला आणि उल्म शहरात परत शून्यातून धंदा उभा केला. पश्चिम जर्मनीचं सैन्य उभं राहिलं तेव्हा तेच पिस्तुल ॲल्युमिनियमच्या सांगाड्यासकट पी1 म्हणून परत आलं. दुसरीकडे ओबर्नडॉर्फला माउझरच्या जुन्या इंजिनिअरांनी 1949 ला हेकलर उंड कोख काढली. त्यांच्या 1970 च्या व्हीपी70 चा सांगाडा प्लॅस्टिकचा होता, ऑस्ट्रियाच्या ग्लॉक पिस्तुलाच्या कितीतरी आधी, पण चाप इतका जड की कुणी फारसं विचारलं नाही. पुढे त्यांचं यूएसपी आलं, 1990 च्या दशकात जर्मन सैन्यानं ते पी8 म्हणून घेतलं. नळीखाली कडी नाही पण नळी तिरकी होऊन सुटणारं कुलूप ब्राउनिंगच्याच घराण्याचं.

मग अमेरिकेचं काय झालं

ब्राउनिंग 1926 ला बेल्जियममधल्या एर्स्तालच्या कारखान्यात काम करतानाच गेला. त्याचं अर्धवट राहिलेलं शेवटचं पिस्तुल दियोदोने सेव्हनं पूर्ण केलं, 1935 चं हाय-पॉवर, आणि त्यात काडतूस लुगरचं. आपल्या भारतीय सैन्याचं 9 मिलिमीटरचं इशापूरला बनणारं पिस्तुल त्याच कुळातलं. अमेरिका मात्र .45 ला चिकटून राहिली, कोरिया झालं, व्हिएतनाम झालं, तेच जुने एम1911ए1 दुरुस्त करकरून वापरत राहिले. शेवटी नाटोतल्या सगळ्यांचं काडतूस एकच असावं या हट्टापुढे 1985 मध्ये एम9 घेतलं. ते इटलीच्या बेरेटाचं, आत ठोकळ्याचं कुलूप पी38 च्या वळणाचं, काडतूस लुगरचं. म्हणजे ज्यांच्याशी दोन महायुद्धं लढली त्यांच्याच वळणाचं कुलूप आणि काडतूस पुढची तीसेक वर्षं अमेरिकन सैनिकांच्या कमरेला. 2017 ला सिग सॉअरचं एम17 निवडलं तेव्हा कुलूप परत ब्राउनिंगच्या वळणाचं झालं, 9 मिलिमीटरचं काडतूस मात्र तसंच राहिलं.