सौदी अरेबिया: परवानगी गेली, तक्रार राहिली

सौदी अरेबियात २०१८ साली बायकांना गाडी चालवायचा परवाना मिळाला, २०१९ साली पुरुषाच्या सहीविना पासपोर्ट मिळू लागला आणि २०२१ साली परदेशी कामगाराला मालकाच्या संमतीशिवाय नोकरी बदलण्याची वाट उघडली. आपल्याकडे या बातम्या वेगवेगळ्या पानांवर आल्या. तिथे ही एकाच व्यवस्थेची दोन अंगं आहेत. सज्ञान माणसाच्या जाण्यायेण्याची जबाबदारी एका नागरिकावर टाकायची आणि त्या बदल्यात त्याला त्या माणसावर अधिकार द्यायचा, अशी ही व्यवस्था. बाईच्या बाबतीत तो नागरिक वली असतो: बाप, नवरा, भाऊ, प्रसंगी स्वतःचा मुलगासुद्धा. कामगाराच्या बाबतीत कफील, म्हणजे ज्याच्या नावावर त्याचा व्हिसा निघतो तो मालक; कामगारांच्या या पद्धतीला कफाला म्हणतात.

कामगारांपुरता तिचा कायदेशीर पाया १९५२ च्या निवास कायद्यात आहे. तेल १९३८ मध्ये सापडलं होतं. १९५३ आणि १९५६ साली तेलक्षेत्रात संप झाले आणि त्यानंतर संपावरच बंदी आली. ती आजही आहे. गुलामगिरी कागदोपत्री संपली ती १९६२ साली. मुलींच्या सरकारी शाळा १९६० च्या फर्मानाने सुरू झाल्या, पण धर्मपंडितांच्या हाताखालच्या वेगळ्या खात्यात. २००२ च्या मार्चमध्ये मक्केतल्या एका मुलींच्या शाळेला आग लागून १५ मुली दगावल्यावरच ते खातं शिक्षण मंत्रालयाकडे गेलं.

आजचे राज्यकर्ते सगळा दोष १९७९ वर टाकतात. त्या वर्षी मक्केच्या मुख्य मशिदीचा सशस्त्र ताबा घेतला गेला आणि त्यानंतर देश कर्मठ झाला, त्याआधी सगळं ठीक होतं, असं सांगितलं जातं. हे सोयीचं अर्धसत्य आहे. वलीची प्रथा १९७९ च्या कितीतरी आधीची आहे. गाडी चालवण्यावरची बंदीसुद्धा आधी रूढीचीच होती. ६ नोव्हेंबर १९९० रोजी रियाधमध्ये ४७ बायकांनी गाड्या चालवल्यावर ती आदेश काढून पक्की केली गेली. त्या बायकांचे पासपोर्ट जप्त झाले, नोकरीत असलेल्यांना निलंबित केलं गेलं.

पुढच्या काळात ही व्यवस्था मोबाइलवर आली. सरकारी सेवांच्या एकाच ॲपवर सौदी पुरुष लॉगिन करतो. तिथे कुटुंबाच्या रकान्यात बायको-मुली दिसतात, घरकामगारांच्या रकान्यात मोलकरीण आणि ड्रायव्हर. पहिल्या रकान्यात प्रवासाची परवानगी देताना एका फेरीपुरती, ठरावीक तारखेपर्यंत की पासपोर्टची मुदत संपेपर्यंत, हे निवडता यायचं. दुसऱ्या रकान्यात एक्झिट-रीएन्ट्री व्हिसा, म्हणजे देशाबाहेर जाऊन परत येण्याची परवानगी, निघायचा, दोन महिन्यांसाठी २०० रियाल. त्यात २०१२ च्या अखेरीस भर पडली ती एसएमएसची: बायकोने सीमा ओलांडली की नवऱ्याच्या फोनवर निरोप.

ऑगस्ट २०१९ च्या बदलाने यातला पहिला रकाना बराच रिकामा केला. २१ वर्षांवरच्या बाईला स्वतः पासपोर्ट काढता येतो, परवानगीविना देश सोडता येतो, बाळाचा जन्म आणि स्वतःचा घटस्फोट नोंदवता येतो. जून २०२१ मध्ये न्यायालयीन प्रक्रियेच्या कायद्यातलं एक कलम काढलं गेलं. अविवाहित, घटस्फोटित किंवा विधवा बाईला वलीच्या स्वाधीन करायची तरतूद त्यात होती; ते गेल्यामुळे बाई आता वेगळं घर करून राहू शकते. पण मुलगी घरातून ‘गायब’ आहे किंवा ‘आज्ञा मोडते’ अशी तक्रार करायचा वलीचा मार्ग काही बंद झाला नाही. आणि हे हक्क मागणाऱ्या बायकांचं काय झालं, तर गाडीची बंदी उठायच्या काही आठवडे आधी, मे २०१८ मध्ये, त्यांच्यातल्या अनेकींना अटक झाली. सुटल्यावरही काहींवर परदेश प्रवासाची बंदी राहिली. वरून दिलेली सवलत चालते, खालून आलेली मागणी चालत नाही.

कामगारांच्या बाजूला याच तक्रारीचं नाव ‘हुरूब’. मालकाने ऑनलाइन फॉर्म भरला की कामगार फरार ठरत असे, पुरावा लागत नसे. तेवढ्याने इकामा, म्हणजे देशात राहायचा परवाना, बाद व्हायचा. इकामा बाद म्हणजे बँक खातं गोठतं आणि पोलिसांनी रस्त्यात अडवलं तर कोठडी, हद्दपारी आणि पुन्हा प्रवेशाला मनाई. थकलेल्या पगाराची तक्रार घेऊन कामगार न्यायालयात गेलेल्या माणसावर दुसऱ्याच दिवशी हुरूब लागल्याची उदाहरणं कमी नाहीत. मालकाला तोंडी धमकीसुद्धा पुरते.

सगळ्यात जास्त फसतात ते आझाद व्हिसावाले. रत्नागिरी-रायगडपासून केरळपर्यंत हा शब्द घरोघर माहीत आहे. कागदावर एक कफील, काम दुसरीकडेच, आणि कफीलला दरमहा किंवा वर्षाला ठरलेली रक्कम. कायद्यात असा व्हिसाच नाही. इकाम्याचं नूतनीकरण ही मालकाची जबाबदारी. वर्षाची फी ६५० रियाल, पण कंपन्यांना त्यावर कामाच्या परवान्यापोटी २०२० पासून दर परदेशी कामगारामागे महिन्याला ८०० रियालपर्यंत भरावे लागतात. आझादवाला हे सगळं स्वतःच्या खिशातून भरतो. हप्ता चुकला की कफील हुरूब लावतो आणि भांडायला हातात करार नसतो. त्यात २०१७ पासून बायकामुलांवर माणशी महिना १०० रियाल शुल्क लागलं, ते दरवर्षी वाढत ४०० वर गेलं. अनेकांनी कुटुंबं परत पाठवली ती यामुळे.

१४ मार्च २०२१ चा बदल या पार्श्वभूमीवर वाचायला हवा. ‘कफाला रद्द’ असे मथळे तेव्हा झळकले आणि पुढेही अधूनमधून झळकत राहिले. प्रत्यक्षात काय मिळालं? पहिल्या मालकाकडे एक वर्ष काढल्यावर ९० दिवसांची नोटीस देऊन, सरकारी पोर्टलवरून नव्या मालकाकडे जाता येतं. सलग तीन महिने पगार नाही, देशात आल्यापासून तीन महिन्यांत करार नोंदवलेला नाही किंवा इकामा संपलेला आहे, अशा वेळी वर्षाचीही अट नाही. एक्झिट-रीएन्ट्री आणि फायनल एक्झिट, म्हणजे कायमचं परत जायचा व्हिसा, स्वतः मागता येतो. हे थोडं नाही. पण देशात यायलाही मालक लागतो, राहायलाही, आणि इकामा त्याच्याच पोर्टलवरून निघतो. करार डिजिटल नोंदलेला नसेल तर वरच्यापैकी बहुतेक गोष्टी मागता येत नाहीत, आणि करार नोंदवणं पुन्हा मालकाच्या हातात. हुरूबचं नाव बदलून २०२२ च्या ऑक्टोबरमध्ये ‘कामावर गैरहजर’ झालं आणि कामगाराला नवी नोकरी शोधायला किंवा परत जायला ६० दिवस मिळाले. फॉर्म मात्र अजून मालकच भरतो.

२०२१ च्या त्या बदलातून मोलकरणी, घरचे ड्रायव्हर, माळी, शेतमजूर आणि मेंढपाळ वगळले गेले. वर ज्या दोन बाजू सांगितल्या, त्या मोलकरणीच्या ठिकाणी एकत्र येतात. सौदी बायका गेल्या काही वर्षांत मोठ्या संख्येने नोकरीत आल्या. श्रमशक्तीतला त्यांचा सहभाग २०१७ च्या सुमाराला १७-१८ टक्के होता, आता तो साधारण दुप्पट आहे. त्यांच्या घरी मुलं सांभाळायला परदेशी बाई लागते, आणि ती २००५ च्या कामगार कायद्याच्या बाहेर आहे. तिच्यासाठी २०१३ साली वेगळे नियम झाले. ऑक्टोबर २०२४ पासून लागू झालेल्या सुधारित नियमांत दिवसाला जास्तीत जास्त १० तास काम, आठवड्याला सलग २४ तास सुट्टी आणि पासपोर्ट काढून घेण्यास मनाई आहे. पगार बँकेतून देण्याची सक्ती टप्प्याटप्प्याने आणली गेली. घर खासगी जागा असल्यामुळे तिथे दुकान-कारखान्यासारखी तपासणी होत नाही, त्यामुळे तासांचा हिशेब मालकीणच ठेवते.

या बायका कुठून येतात, तेही बदलत गेलं. जानेवारी २०१३ मध्ये श्रीलंकेच्या एका मोलकरणीचा शिरच्छेद झाला; ज्या घटनेसाठी ती दोषी ठरली, तेव्हा ती १७ वर्षांची होती, असं तिच्या बाजूने सांगितलं जात होतं. एप्रिल २०१५ मध्ये दोन इंडोनेशियन मोलकरणींना मृत्युदंड दिला गेला आणि इंडोनेशियाने आखातासह २१ देशांत मोलकरणी पाठवणं बंद केलं. भरती मग केनिया, युगांडाकडे सरकली. एका देशाने दार लावलं की एजंट त्याहून गरीब देश शोधतो.

भारताने जानेवारी २०१४ मध्ये घरकामगारांसाठी सौदीशी करार केला. दहावी न झालेल्यांच्या पासपोर्टवर सौदीसह १८ देशांसाठी उत्प्रवास मंजुरी, म्हणजे कामासाठी तिथे जायला भारत सरकारची परवानगी, लागते. ३० वर्षांखालच्या बाईला ती मिळत नाही, आणि त्यावरच्या बाईलाही खासगी एजंटामार्फत नाही, फक्त सरकारी भरती संस्थेमार्फत जाता येतं. नियम संरक्षणासाठी आहे. पण मुंबईतला एजंट अशा बाईला व्हिजिट व्हिसावर आधी दुबईला नेतो आणि तिथून पुढे पाठवतो. तिचा करार भारतीय पोर्टलवर चढत नाही, मालकाचं नाव-पत्ता दूतावासाकडे नसतो, आणि मालकाने पगार थकवला तर तक्रार कोणाविरुद्ध लिहायची, इथूनच शोध सुरू करावा लागतो.