आलेखावरचा तो छोटा उंचवटा कुणाचा?

‘डीएनए जुळला, गुन्हेगार सापडला.’ अशी बातमी वाचली की मला हळहळ वाटते, कारण खरी सुरस गोष्ट या दोन वाक्यांच्या मधेच राहून जाते. वाचणाऱ्याला वाटतं, प्रयोगशाळेत माणसाचा अख्खा डीएनए वाचून काढतात. तसं नसतं. सुमारे ३०० कोटी अक्षरांपैकी जेमतेम वीसेक जागा तपासतात, आणि तिथेही वाचण्यापेक्षा मोजण्याचंच काम असतं.

आपल्या ११ व्या गुणसूत्रावर टीएच०१ नावाची एक जागा आहे. तिथे ‘एएटीजी’ ही चार अक्षरं पाठोपाठ येत राहतात. कुणाच्यात ६ वेळा, कुणाच्यात ९ वेळा. एक आकडा आईकडून आलेला, एक वडिलांकडून. एका जागेची अशी जोडी लाखो लोकांत सापडेल, पण वीस जागांच्या जोड्या एकदम जुळणं, एकसारखी जुळी भावंडं सोडली तर, जवळपास अशक्यच. अमेरिकेच्या राष्ट्रीय डीएनए नोंदीत आधी अशा १३ जागा होत्या, २०१७ पासून २० आहेत.

नमुना मात्र अनेकदा अगदी थोडा मिळतो, शंभर-दीडशे पेशींचा. म्हणून पीसीआरने त्याच्या प्रती काढतात. दर फेरीला दुप्पट, म्हणजे ३० फेऱ्यांत एकाचे १०७ कोटी. या नकला पॉलिमरेज नावाचं विकर (एन्झाइम) करतं, आणि मला सगळ्यात जास्त आवडतं ते या विकराचं अडखळणं.

एकसारख्या पायऱ्या मोजत उतरताना जरा थबकलं, तर ‘आता आठवी की नववी?’ असा गोंधळ होतो ना, इथेही तसंच घडतं. नक्कल होत असताना मूळ धागा आणि नवा धागा क्षणभर सुटतात आणि पुन्हा जोडले जातात. सगळे तुकडे सारखेच असल्यामुळे ते एक घर सरकून जोडले, तरी जोडणी बरोबरच दिसते. मूळ धाग्यातला एक तुकडा फुगवट्यासारखा बाहेर राहतो आणि विकर त्याला वगळून पुढे जातं. नवी प्रत चार अक्षरांनी आखूड होते. क्वचित नव्या धाग्यात फुगवटा येतो, तेव्हा प्रत लांबते. शेवटी या प्रती लांबीनुसार वेगळ्या करून आलेख काढतात; ज्या लांबीच्या प्रती जास्त, तिथे सुळका उंच. म्हणून आलेखावर ९ चा उंच सुळका असेल, तर त्याच्या अलीकडे ८ वर छोटासा उंचवटा दिसतो. तो बहुधा मूळ सुळक्याच्या १०-१५ टक्क्यांच्या आत असतो. याला ‘स्टटर’ म्हणतात.

नमुना एकाच माणसाचा असेल तर याने काही बिघडत नाही. पण चाकूच्या मुठीवर दोघांच्या पेशी असतील आणि दुसऱ्याचा वाटा जेमतेम दशांश असेल, तर? तो ८ चा उंचवटा विकराची चूक आहे की दुसरा माणूस? आता संगणक प्रत्येक जागेची अडखळण्याची सवय आणि सुळक्यांची उंची एकत्र धरून गणित मांडतात: संशयित माणूस या मिश्रणात आहे असं धरलं, तर असा आलेख मिळण्याची शक्यता, तो नाही असं धरण्यापेक्षा किती पट जास्त? हे उत्तर पुराव्याबद्दल असतं, अपराधाबद्दल नव्हे. जर्मनीत अनेक गुन्ह्यांच्या जागी एकाच स्त्रीचा डीएनए सापडत होता. २००९ मध्ये उलगडा झाला, की तो नमुने टिपायच्या कापसाच्या काड्यांवरच होता. काड्या भरणाऱ्या कामगार स्त्रीचा! आणि गुन्ह्याच्या तपासात डीएनए चाचणीचं पहिलं मोठं काम होतं सुटकेचं. १९८० च्या दशकात इंग्लंडमध्ये शास्त्रज्ञ अॅलेक जेफ्रीज यांच्या पद्धतीने, गुन्ह्याची खोटी कबुली दिलेला एक तरुण निर्दोष ठरला. खरा गुन्हेगार नंतर सापडला.

या वीस आकड्यांतून स्वभाव कळत नाही. थुंकीच्या नमुन्यावरून मुलाचा कल सांगणाऱ्या ‘डीएनए कुंडल्या’ही विकल्या जातात, त्यांवर पैसे घालवू नका.

हीच मोजणी रुग्णालयातही होते. दुसऱ्याच्या अस्थिमज्जेचं रोपण झालेल्या माणसाच्या रक्तात दात्याचा डीएनए असतो, गालाच्या आतल्या नमुन्यात दोघांची सरमिसळ, आणि केसांच्या मुळांत बहुतेक स्वतःचाच. रक्तात रुग्णाच्या जुन्या पेशी पुन्हा वाढू लागल्या, तर आजार परततोय अशी शंका येते, म्हणून डॉक्टर त्यांचा इवलासा सुळका शोधत असतात. दात्याचा आकडा ९ आणि रुग्णाचा ८ असेल, तर तो नेमका दात्याच्या स्टटरखाली दडतो. म्हणून अशी जागा सोडून दोघांचे आकडे एकमेकांपासून दूर असतील त्याच जागा ते मोजणीसाठी घेतात.