खडकवाचन (सोलापूर परिसर)

उघड्या खडकाचे थर, तडे आणि उतार नोंदवून तो तसा का घडला याचा अर्थ लावणे म्हणजे खडकवाचन. सोलापूर जिल्हा सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी एकावर एक पसरलेल्या लाव्हाच्या थरांवर वसला आहे. सह्याद्रीसारखे कडे इथे नाहीत, शिवारभर काळी माती. त्यामुळे इथे खडक शिकायचा तो विहिरीत. चैत्र-वैशाखात पाणी तळाला गेले की न बांधलेल्या विहिरीची भिंत वरपासून खालपर्यंत मोकळी दिसते.

वर काळी माती, मग मुरूम, खाली घट्ट पाषाण असा क्रम बहुधा आढळतो. मुरमात कांद्यासारखे पापुद्रे सुटलेले गोल धोंडे असतात. नवखा विद्यार्थी त्यांना नदीने आणलेले गोटे समजतो. नीट पाहिले तर धोंड्यांच्या मधल्या जागेतून एकमेकांना छेदणारे तडे गेलेले दिसतात. या तड्यांतून पाणी मुरले, कोपरे आधी कुजले आणि गाभा गोल उरला. धोंडा जागचा हललेलाच नाही. घाईने लावलेला अर्थ कसा फसतो हे दाखवायला याहून चांगले उदाहरण या भागात नाही. म्हणून वहीच्या डाव्या पानावर दिसले ते आणि उजव्या पानावर वाटले ते लिहावे. ही दोन पाने शेवटपर्यंत वेगळी ठेवावीत.

लाव्हाच्या थराचा माथा आणि तळ ओळखता येतो. वायूचे बुडबुडे वर चढत असल्याने माथ्याकडे पोकळ्यांची गर्दी असते; पुढे त्यांत झिओलाइट, कॅल्साइट ही खनिजे भरून खडकावर पांढरे ठिपके उमटतात. तळाशी काही वेळा नळीसारख्या पोकळ्या सापडतात. त्या एका बाजूला कललेल्या असतील तर लाव्हा कुठे वाहत होता याचा सुगावा लागतो. दोन थरांमधला विटकरी पट्टा, म्हणजे गेरू, दोन उद्रेकांमधली विश्रांती सांगतो: तेवढ्या काळात खालचा खडक कुजून माती झाली आणि नव्या लाव्हाने ती झाकली. पट्ट्याच्या जाडीवरून मात्र वर्षे मोजू नयेत.

थर जवळजवळ आडवे असल्याने त्यांच्या नतीपेक्षा, म्हणजे कलापेक्षा, तड्यांची दिशा मोजणे अधिक उपयोगाचे. बरेच तडे लाव्हा थंड होऊन आकसताना पडलेले असतात. लाव्हा थिजून झालेल्या या खडकात, म्हणजे बेसाल्टात, मॅग्नेटाइट हे चुंबकीय खनिज असते. होकायंत्र खडकाला टेकवले तर सुई भरकटू शकते, म्हणून ते थोडे दूर धरावे. विहिरीचे पाणीही याच तड्यांतून आणि कुजलेल्या भागातून येते. ‘पाषाण लागला’ म्हटल्यावर शेतकऱ्याचा चेहरा उतरतो तो त्यामुळेच.

विहिरीची भिंत काही मीटरांपुरतेच सांगते. ३० सप्टेंबर १९९३ रोजी लातूर जिल्ह्यात किल्लारीला भूकंप झाला; त्याचे धक्के सोलापुरातही जाणवले. नंतर तिथे घेतलेल्या खोल विंधनछिद्रात लाव्हाचे थर सुमारे ३३८ मीटरपर्यंत लागले आणि त्यांच्याखाली, गाळखडकाच्या पातळ थरानंतर, अतिप्राचीन ग्रॅनाइटी खडक. भूकंपाचा उगम या जुन्या खडकात होता.