भिंती नसलेलं स्वतंत्रपूर

तुरुंगातून सुटून आलेला माणूस कामाला लागायला निघाला की चारित्र्य पडताळणीचा अर्ज पुढे येतो. त्यात विचारलेलं असतं, पूर्वी शिक्षा झाली आहे का? ‘हो’ लिहिलं तर काम हातचं जातं, लपवलं तर पुन्हा फसवणुकीचा ठपका. तोवर घरही बरंचसं मोडलेलं असतं. पोरं बापाला ओळखत नाहीत, जमीन भावकीच्या वहिवाटीत गेलेली असते.

माणूस सुटण्याआधीच त्याचं घर आणि कष्टाची सवय जपायला हवी, हे महाराष्ट्रात फार लवकर उमगलं ते औंध संस्थानाला. १९३९ साली राजे भवानराव पंतप्रतिनिधींनी गांधीजींच्या सल्ल्याने प्रजेला स्वराज्याची घटना दिली. त्या कामात पोलंडहून आलेले अभियंते मॉरिस फ्रीडमन, म्हणजे स्वामी भारतानंद, पुढे होते. त्यांच्याच आग्रहाने त्याच वर्षी आटपाडीजवळच्या माळावर कैद्यांची वसाहत उभी राहिली. यातले काहीजण खुनाची शिक्षा भोगणारे. उंच भिंत नाही, पायात बेडी नाही. जमीन कसायची आणि बायकापोरांना आणून संसार करायचा. वस्तीचं नाव ठेवलं स्वतंत्रपूर! माणदेशातली ती कोरडी जमीन. तिथे पीक काढायचं म्हणजे रोज पहाटे उठून राबणं आलं. पळून जाणं सोपं होतं, पण पळणाऱ्याला घर मागे टाकावं लागलं असतं. मला या प्रयोगाचं खरं मर्म इथेच दिसतं.

१९४८ साली संस्थान विलीन झालं, तरी वसाहत टिकली. कारागृह खात्याकडे ती आजही आहे. याच मुलखातल्या ग. दि. माडगूळकरांच्या कथेवर व्ही. शांतारामांनी १९५७ साली ‘दो आँखें बारह हाथ’ काढला आणि स्वतंत्रपूरची कल्पना देशभर पोचली. राजस्थानात सांगानेरला १९६३ पासून खुलं कारागृह आहे. तिथले कैदी कुटुंबासह राहतात आणि दिवसा बाहेर कामाला जातात.

सुटकेनंतरच्या वाटेकडे कायद्याने मात्र कमीच पाहिलं. परिवीक्षा म्हणजे दोषी ठरलेल्याला तुरुंगात न धाडता चांगल्या वर्तणुकीच्या अटीवर सोडणं. १९५८ च्या परिवीक्षा कायद्याचं कलम १२ सांगतं की, परिवीक्षेवर सोडलेल्याला दोषसिद्धीमुळे येणारी अपात्रता लागू होणार नाही. इंग्लंडने १९७४ साली त्यापुढे जाऊन, ठरावीक वर्षं सरळ गेली की बऱ्याच जुन्या शिक्षा सांगण्याची सक्तीच काढली. आपल्याकडे २०१५ च्या बाल न्याय कायद्याने अल्पवयीनांना तसं संरक्षण दिलं. पूर्ण शिक्षा भोगून आलेल्या प्रौढाला कलम १२ चा आधार मिळत नाही.